पाहणे आणि दर्शन

देव सोडून दगड पाहायला जावे की नाही, आणि जायचेच तर कोणत्या मनाने जावे, हा प्रश्न आपल्या भंडारा जिल्ह्यातील भाविकांना वरचेवर पडत नसेल. पण तो पडायला हवा, कारण ज्या पवनीला आपण वैनगंगेच्या स्नानाला जातो, वैजेश्वराला पाणी घालतो, पंचमुखी गणपतीपुढे हात जोडतो, त्याच पवनीत एक टेकडी आहे आणि तिच्या पोटात दोन हजार वर्षांहून जुना एक धर्म निजलेला आहे. आपण घाटावरून परततो, एस. टी. धरतो आणि घरी येतो. टेकडीकडे पाहत नाही. न पाहण्यात पुण्य आहे काय? आणि पाहण्यात पाप आहे काय? वारकरी सज्जनांनी याचा थोडा विचार करावा म्हणून हा लेखनप्रपंच.

प्रथम टेकडीची हकीकत सांगू. तिचे नाव जगन्नाथ टेकडी. वर जगन्नाथाचे देऊळ आहे म्हणून हे नाव. सन १९६९-७० मध्ये नागपूर विद्यापीठ आणि भारत सरकारचे पुरातत्त्व खाते यांनी मिळून येथे उत्खनन केले. डॉ. शां. भा. देव आणि श्री. जगत्पती जोशी हे त्या कामाचे प्रमुख. माती दूर होताच खाली विटांचा प्रचंड स्तूप निघाला. त्याचा व्यास सुमारे ३८ मीटर, म्हणजे सांचीच्या जगप्रसिद्ध स्तूपापेक्षाही थोडा अधिकच. भोवतीच्या कठड्याचे कोरीव खांब मिळाले आणि त्यांवर ब्राह्मी लिपीत दान देणाऱ्यांची नावे मिळाली. पंढरपुरात धर्मशाळेच्या फरशीवर आपण वाचतो ना, अमक्याने अमक्याच्या स्मरणार्थ इतके रुपये दिले म्हणून? तसलीच ती नावे. कुणी खांब दिला, कुणी आडवी शिळा दिली. साधी संसारी माणसे आणि भिक्षू-भिक्षुणी. धर्मासाठी पदराला खार लावण्याची ही रीत आपल्या वैनगंगेकाठी इतकी जुनी आहे.

त्या खांबांवर आणखी एक विशेष आहे. तेथे भगवान बुद्धांची मूर्ती नाही. त्या काळी मूर्ती करीत नसत. झाड कोरायचे, रिकामे आसन कोरायचे, आसनावर मुचलिंद नागाने फणा धरला आहे असे दाखवायचे, आणि भाविकाने ओळखायचे की येथे कोण बसले आहे. जो नुसता पाहणारा, तो म्हणेल, नाग आहे, खुर्ची आहे. जो भाविक, त्याचे हात आपोआप जुळतील. दगड एकच, डोळेही दोघांचे सारखेच, तरी एकाला वस्तू दिसली आणि दुसऱ्याला दर्शन झाले. आपल्या प्रश्नाचे मूळ येथे आहे.

आता आपल्यातला एखादा जुना माळकरी म्हणेल, ‘‘काहून जाता जी तिकडे? माती अन् इटाच तं आहेत. आपला इठोबा का कमी पडला?’’ हे बोलणे अडाणीपणाचे म्हणून कुणी झटकून टाकू नये. त्यात निष्ठा आहे. वारकऱ्याचे सारे बळ एकविध भावात आहे. आज हा देव, उद्या तो डोंगर, परवा ते मंदिर असे करणारा मनुष्य कोठेच टेकत नाही. विहीर खणायची तर एकाच जागी खणावी लागते, दहा ठिकाणी हात-हात खणून पाणी लागत नाही. हे अगदी खरे.

परंतु निष्ठा माथा कोठे टेकतो यावर ठरते. डोळे कोठे गेले यावर ती ठरत नाही. तुकोबारायांची पालखी देहूहून निघाली की वाटेत अनगडशहा बाबांच्या दर्ग्यापाशी थांबते, तेथे आरती होते आणि मग पुढे चालू लागते. माउलींची पालखी जेजुरीला मुक्काम करते, भंडारा उधळला जातो. म्हणून कुणाची विठ्ठलनिष्ठा उणावली काय? वाट पंढरीची आहे हे ज्याच्या मनात पक्के आहे, त्याला वाटेतल्या दाराशी थांबायचे भय नाही. ज्याची वाटच ठरलेली नाही, त्याने मात्र खुशाल भ्यावे.

दुसऱ्या बाजूची चूक याहून मोठी आहे, आणि ती आजच्या काळाची आहे. तिला सर्व सारखेच वाटते. हल्ली आपल्या गावांतले निवृत्त गुरुजी, अधिकारी सहलीच्या कंपन्यांबरोबर युरोपात जाऊन येतात. कुणाचा मुलगा तिकडे नोकरीला आहे, तो आईबापांना नेतो. ही आनंदाची गोष्ट. रोमला गेले की कोलोसियम दाखवतात. इ. स. ८० मध्ये ते खुले झाले. माणसे आणि पशू यांच्या झुंजी लावून हजारो लोक ते मरण तमाशासारखे पाहत बसत, त्याची ही जागा. पुढे साम्राज्य गेले, आणि त्याच्या भिंतींचे दगड लोकांनी वाडे अन् चर्च बांधायला नेले. आज उरले आहे त्यापुढे माणसे हसत छायाचित्र काढतात आणि गाडीत बसतात. पण त्याच जागी गुड फ्रायडेच्या रात्री पोप आणि हजारो ख्रिस्ती भाविक येशूच्या क्रूसाची वाट आठवीत प्रार्थना करतात. शहराबाहेर जमिनीखाली भुयारे आहेत. तेथे आरंभीच्या ख्रिस्ती लोकांनी आपले मृत पुरले आणि भिंतींवर मासा, नांगर, कबुतर अशा साध्या खुणा काढल्या. राजाश्रय नव्हता त्या काळच्या गरीब माणसांच्या या खुणा आहेत. त्या भुयारात उतरून ‘थंडगार आहे हो’ एवढेच म्हणून जो वर येतो, त्याने भाडे भरले, पाय दुखविले आणि हाती काही घेतले नाही.

मग मधला मार्ग कोणता? तो पोथीत शोधायला नको, आपल्या अनुभवातच आहे. कारण पाहायला जाणारे जसे आपण आहोत, तसे पाहिले जाणारेही आपणच आहोत. वारीच्या वाटेवर, वाखरीच्या रिंगणात, आजकाल किती माणसे नुसती पाहायला येतात! परगावची येतात, परदेशची येतात, गळ्यात कॅमेरे असतात. त्यांना माळ नाही, एकादशी नाही, हरिपाठ येत नाही. आपण त्यांना हाकलतो काय? मुळीच नाही. पण कोण कसा आला हे आपल्याला तात्काळ कळते. एकजण बाजूला उभा राहतो, चपला काढतो, म्हाताऱ्या माउलीला पाण्याचा तांब्या देतो, विचारतो, ‘‘आजी, किती वर्षं चालता?’’ आणि उत्तर ऐकून घेतो. त्याला विठोबा ठाऊक नसेल, पण तो आपल्याला परका वाटत नाही. दुसरा चित्र चांगले यावे म्हणून दिंडीच्या मध्ये घुसतो, वीणेकऱ्याला ‘जरा थांबा’ म्हणतो, फाटक्या पायांकडे पाहून हसतो. तो आपल्याला टोचतो. दोघेही पाहुणेच, दोघेही अश्रद्ध असू शकतील. पण पहिल्याने आपल्याला माणूस म्हणून पाहिले आणि दुसऱ्याने तमाशा म्हणून.

हे माप आता आपल्यालाच लावून पाहा. आपण दुसऱ्याच्या पवित्र जागी गेलो तर यांतले कोण होतो? जसे आपल्याकडे पाहावे असे आपल्याला वाटते, तसे आपण दुसऱ्याकडे पाहावे. एवढे साधले तर बाकीचे नियम त्यातूनच निघतात.

येथे एक नाजूक गोष्ट बोलली पाहिजे. आपल्या जिल्ह्यात स्तूप हा मेलेल्या धर्माचा अवशेष नाही. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी बुद्धधम्माची दीक्षा घेतली आणि दिली, तेव्हापासून आपल्या प्रत्येक गावात त्या धम्माची घरे आहेत. पवनीजवळ रुयाड येथे सन २००७ मध्ये नवा महास्तूप उभा राहिला आहे. म्हणजे पवनीची टेकडी ही आपल्या शेजाऱ्याची श्रद्धा आहे, केवळ पुस्तकातला इतिहास नव्हे. आणि तेथे जाऊन आपल्यातला एखादा भाविक मोठ्या प्रेमाने म्हणतो, ‘‘अहो, बुद्ध म्हणजे आमच्या विष्णूचाच नववा अवतार, वेगळे काय आहे?’’

संतवाङ्मयात बुद्धावताराचे उल्लेख आहेत, हे खरे. म्हणणाऱ्याच्या मनात द्वेष नसतो, हेही खरे. पण ऐकणाऱ्याचा विचार करा. त्याच्या आईबापांनी दीक्षा घेताना बावीस प्रतिज्ञा घेतल्या, त्यांत बुद्धाला विष्णूचा अवतार मानणार नाही अशी स्पष्ट प्रतिज्ञा आहे. ती त्यांनी का घेतली, हे आपल्याला ठाऊक आहे. चोखोबांची समाधी महाद्वारासमोर आहे, आत नाही. देवळाची दारे सर्वांना उघडावीत म्हणून साने गुरुजींना मे १९४७ मध्ये पंढरपुरात प्राण पणाला लावून उपोषण करावे लागले. ज्याला शतकानुशतके आपण दाराबाहेर ठेवले, त्याने स्वतःचे घर बांधल्यावर त्याच्या उंबऱ्यावर उभे राहून ‘हे घर आमचेच’ म्हणणे, हे प्रेम नव्हे. ज्याने त्याने आपल्या घरी देव कसा मानायचा तो मानावा. शेजाऱ्याच्या घरी शेजाऱ्याची रीत पाळावी. आपल्या मनातला भाव आपल्या मनात राहिला म्हणून तो काही बुडत नाही.

दुसरी एक भीती पुष्कळांच्या मनात असते, पण ती बोलून दाखवीत नाहीत. खणू लागले की आपल्या देवाच्या पायाखाली दुसऱ्याचे काही निघेल, मग आपल्या श्रद्धेचे काय होईल? जगन्नाथाच्या देवळाखाली स्तूप निघाला, तसे. अशी गोष्ट एकट्या पवनीची नाही. रोममध्ये सेंट क्लेमेंट नावाचे चर्च आहे. ते बाराव्या शतकातले. त्याच्या खाली चौथ्या शतकातले चर्च, आणि त्याच्याही खाली पहिल्या शतकातली घरे व मिथ्र नावाच्या देवाचे पूजास्थान. लोक वर उपासना करतात आणि जिना उतरून खालचेही पाहतात. आपल्या गोरोबाकाकांच्या तेरला जा. वारकरी तेथे समाधीला जातात. पण तेर म्हणजेच प्राचीन तगर. पहिल्या शतकात एका ग्रीक व्यापाऱ्याने लिहिलेल्या प्रवासवर्णनात पैठण आणि तगर ही नावे आहेत. येथला माल गाड्यांतून भडोचला जाई आणि तेथून जहाजांनी रोमच्या साम्राज्यात. तेरला सापडलेल्या हस्तिदंती स्त्रीमूर्तीसारखीच एक मूर्ती सन १९३८ मध्ये इटलीतल्या पाँपेई येथे राखेखालून निघाली. नाथांचे पैठण आणि काकांचे तेर असे रोमशी जोडलेले होते! आपल्या वऱ्हाडातले कौंडिण्यपूर, रुक्मिणीमातेचे माहेर, जेथून पालखी पंढरीला जाते, तेथेही उत्खनन झाले आहे आणि जुनी भांडीकुंडी, मणी, नाणी निघाली आहेत. म्हणून मातेचे माहेर तुटले काय? पालखी निघायची थांबली काय?

नाही. कारण आपली श्रद्धा ‘येथे आमच्या आधी कुणीच नव्हते’ या गोष्टीवर उभी नाही. ती तशी उभी असेल तर मात्र कुदळीच्या पहिल्या घावाने पडेल, आणि पडावीच. ज्या जागेला तुम्ही पवित्र मानता, ती तुमच्या आधीही कुणाला पवित्र वाटली होती, याने जागेचे पावित्र्य वाढते. पण या ज्ञानाला एक अट आहे. ‘खाली काय निघाले’ हे सत्य जाणण्यासाठी विचारावे, भांडण्यासाठी विचारू नये. खाली त्यांचे निघाले म्हणून वरचे पाडा, किंवा वर आमचे आहे म्हणून खालचे झाका, ही दोन्ही बोलणी एकाच अहंकाराची आहेत. काळ सर्वांचेच थर करतो. आपलाही एक दिवस थर होणार आहे. त्या दिवशी आपल्या टाळांचे तुकडे जो उचलेल, त्याने ते कसे हातात धरावे असे आपल्याला वाटते?

कुणी विचारील, आम्ही आत जाऊन पूजा करायची नाही, आमचे म्हणायचे नाही, मग दुरून पाहून मिळते काय? वारकऱ्याने हे विचारू नये. लाखोंच्या गर्दीत ज्याला गाभाऱ्यापर्यंत जाता येत नाही, तो कळसाचे दर्शन घेऊन समाधानाने परततो. दुरून, बाहेरून, हात न लावता घेतलेले दर्शनही पुरते, ही शिकवण आपल्याइतकी कुणाच्या अंगी मुरली आहे? आणि उलट, रांगेत वीस तास उभे राहून पायांवर डोके ठेवले तरी मन जर चपलांपाशी असेल, तर ते पाहणेसुद्धा झाले नाही.

तेव्हा पुढच्या खेपेला पवनीला स्नानाला जाल तर टेकडीवर जा. पोरांना बरोबर न्या. त्यांना सांगा, येथली वीट उचलून खिशात घालायची नाही, दगडावर नाव कोरायचे नाही. ज्यांनी नावे कोरली त्यांनी आधी दान दिले होते, आपण काय दिले? तेथे कुणी वंदना करीत असेल तर बाजूला शांत उभे राहा. वर जगन्नाथाला नमस्कार करा, खाली त्या अनाम दात्यांना करा. कुणी बौद्ध बांधव भेटला तर त्याला शिकवू नका, त्याला विचारा. नागपूरला कोर्टाच्या कामाने गेलात तर तासभर वाचवून तिथल्या मध्यवर्ती संग्रहालयातली जुनी शिल्पेही पाहून या.

आणि घरी येऊन नेहमीप्रमाणे हरिपाठ म्हणा. त्यात एक अक्षरही कमी होणार नाही. दुसऱ्याचे पवित्र ज्याने जपून पाहिले, त्याला आपले पवित्र जास्तच स्पष्ट दिसते, असा आमचा विश्वास आहे. वाचकांनी अनुभव घ्यावा आणि मग आम्हांस खरे-खोटे ठरवावे.

रामकृष्णहरि.