शर्यतीतील आवाज

संत ऑगस्टीन यांनी आपल्या आत्मनिवेदनात अलिपियुस नावाच्या मित्राची हकीकत सांगितली आहे. रोम शहरी सोबत्यांनी त्यास बळेच रक्तरंजित झुंजी पाहावयास नेले. त्याने डोळे घट्ट मिटून घेतले, परंतु कान उघडेच राहिले. जमावाची आरोळी उठली, डोळे उघडले गेले आणि तो त्या दृश्यास वश झाला. आवाजाचे हे सामर्थ्य ज्यांच्या हाती असते, त्यांचे उत्तरदायित्व कोणते, असा प्रश्न आम्हांस पडतो.

लुईझ गुडमन ह्या इंग्लिश बाई मोटारशर्यतींच्या जगात प्रथम संघांच्या प्रसिद्धीचे काम पाहत; जॉर्डन संघाचे हे काम त्यांच्याकडे होते. पुढे १९९७ ते २००८ ह्या काळात आयटीव्ही ह्या ब्रिटिश वाहिनीसाठी गाड्यांची चाके बदलतात तेथे उभे राहून त्यांनी वार्ता दिली. २००६ च्या ब्रिटिश ग्रां प्रीमध्ये तर त्या चाके बदलणाऱ्या पथकातच सामील झाल्या. स्त्रीला हे साधले ह्याचे कौतुक पुष्कळ झाले. आम्हांस त्याहून त्या कामातील नैतिक पेच मोठा वाटतो.

१९९४ च्या एप्रिलअखेर इमोला येथे शुक्रवारी जॉर्डनचा बारिकेलो जायबंदी झाला, शनिवारी रात्झेनबर्गर गेला, रविवारी सेना गेला. शर्यत मात्र पुन्हा सुरू करून पुरी करण्यात आली! व्हॅटिकनच्या ‘लोस्सेर्वातोरे रोमानो’ने १९५८ मध्येच, लुइजी मुस्सोच्या मृत्यूनंतर, एन्झो फेरारीस आपली मुले गिळणाऱ्या सॅटर्न दैवताची उपमा दिली होती. तो संताप आम्ही अनाठायी मानीत नाही. तरीही ह्या जागी कोणी बोलूच नये, असे आम्ही म्हणणार नाही. इमोलाचे मरण जगाने पाहिले, ऐकले; त्यानंतर सुरक्षेचे नियम कडक झाले. मौन पाळले असते तर ते मालकांच्याच सोयीचे ठरले असते.

प्रश्न बोलण्याच्या रीतीचा आहे. २०२० मध्ये बहारीन येथे ग्रोझाँची गाडी पेटली. तो सुखरूप आहे हे कळेपर्यंत ते दृश्य पुन्हा दाखविले गेले नाही. ही झाली माणुसकी. नंतर मात्र ते इतक्या वेळा दाखविले, की रिकार्डो ह्या सहचालकाने उघड तिटकारा व्यक्त केला. पहिल्या वेळी ती वार्ता होती. दहाव्या वेळी ती अलिपियुसची आरोळी झाली. ही सीमा कोणत्या घटकेस ओलांडली जाते, हे ध्वनिक्षेपक हाती असलेल्या व्यक्तीलाच, तेही क्षणार्धात, ठरवावे लागते.

हे सारे दूरदेशीचे, असे वसमतच्या वाचकांनी समजू नये. २०१४ ची बंदी उठून शंकरपट पुन्हा भरू लागले आहेत आणि तेथेही निवेदकाचा आवाज गर्दीस चेतवितो. उद्या येथील एखादी मुलगी हे काम करू म्हणाली, तर मुलीच्या जातीने चारचौघांत ओरडावे काय, एवढीच चर्चा घरात होईल. छकडा उलटून धुरकरी खाली सापडला, तर त्या क्षणी तिने काय बोलावे, हे तिला कोणी विचारणार नाही.