लिफ्टमधून परत फिरलेले आजोबा

बँकेत नोकरी करणाऱ्या माणसानं काही सिनेमे पाहू नयेत. खून-मारामारीचे खुशाल पाहावेत, दरोड्याचे तर अवश्य पाहावेत. तेवढंच धंद्याचं ज्ञान वाढतं. पण फ्रँक कॅप्राचा १९३८ सालचा 'यू कान्ट टेक इट विथ यू' रविवारी रात्री मुळीच पाहू नये. सोमवारी सकाळी लोकलमध्ये चढताना पाय जड होतात.

नावाचा अर्थ आपल्याकडे समजावून सांगायला नको. 'वर जाताना बरोबर काय नेणार आहात?' हे आपण लहानपणापासून ऐकत आलोय, बहुधा वर्गणीचं पुस्तक घेऊन आलेल्या माणसाच्या तोंडून. कॉफमन आणि हार्ट या जोडीनं याच नावाचं नाटक लिहिलं. ते १९३६ च्या डिसेंबरात ब्रॉडवेवर आलं आणि त्याला पुलित्झर मिळालं. मग कॅप्रानं सिनेमा केला, त्याला ऑस्कर. पैसा बरोबर नेता येत नाही हे सांगून मंडळींनी इथं बराच मिळवला, हे आपलं नोंदीसाठी सांगून ठेवतो.

तर या सिनेमात व्हँडरहॉफ नावाचे आजोबा आहेत. पुष्कळ वर्षांपूर्वी एका सकाळी ते लिफ्टनं ऑफिसात चालले होते. जाता जाता त्यांच्या मनात आलं, यात आपल्याला काही मजा येत नाही. झालं! तसेच खाली आले आणि पुन्हा म्हणून वर गेले नाहीत. (आमची शाखा तळमजल्यावर आहे. लिफ्टच नाही. वरिष्ठांनी हे विचारपूर्वक केलं असावं.)

तेव्हापासून त्या घरात ज्याला जे आवडतं तेच तो करतो. आजोबांची मुलगी नाटकं लिहिते; कारण काय, तर घरी चुकून एक टाइपरायटर येऊन पडला. लिहिलेले कागद उडू नयेत म्हणून त्यांवर मांजराचं पिल्लू ठेवते. जावई तळघरात फटाके बनवतो. त्याच्या मदतीला जो आहे तो मुळात बर्फ टाकायला आला होता, तो राहिलाच. नात नाचते, नातजावई झायलोफोन बडवतो. हे सगळं इतकं गोड आहे की पाहताना आपण खुर्चीतल्या खुर्चीत तीनदा राजीनामा लिहितो.

पण मी पडलो बी.कॉम. जमेची बाजू दिसली की डोळे आपोआप नावेची बाजू शोधू लागतात. माणसानं आवडेल तेवढंच करावं, हे तत्त्व म्हणून उत्तम. पण मग नावडतं कोण करतं? ते काही नाहीसं होत नाही. या खात्यातून त्या खात्यात जातं, एवढंच.

आता त्या घरात पाहा. धाकटी नात ॲलिस रोज सकाळी उठून नोकरीला जाते, आणि जाते कुठं? बँकेत! स्वयंपाक करते रीबा नावाची काळी मोलकरीण. लिलियन यार्बोनं तिचं काम केलंय. फटाके असोत, नाच असो, वेळेवर जेवण लागतं. रीबाला काय आवडतं, हे आजोबांनी कधी विचारल्याचं मला आठवत नाही. तिला नाचायचं असेल. तिलाही एखादं नाटक लिहायचं असेल. टाइपरायटर घरात आहे, मांजरही आहे.

आजोबा इन्कम टॅक्सही भरत नाहीत. वसुलीला आलेल्या माणसाला विचारतात, या पैशाचं मला काय मिळणार? त्या प्रसंगाला मी खळखळून हसलो, आणि लगेच मनात आलं की ज्या घराच्या तळघरात दारू कुटली जाते त्यांनी निदान बंबवाल्यांचे तरी पैसे द्यावेत. शिवाय नाटकातल्या आजोबांना मालमत्तेचं वर्षाला तीन-चार हजार डॉलर उत्पन्न आहे. त्या भाड्याच्या पावत्याही कुणीतरी फाडतच असणार.

आजोबा खोटे आहेत असं मात्र मी म्हणणार नाही. लायोनेल बॅरीमूर कुबड्या घेऊन (संधिवात त्याचा खराच होता) त्या बड्या बँकर कर्बीला तुरुंगात खडसावतो, तेव्हा अक्षर न् अक्षर पटतं. कर्बी प्रतिस्पर्ध्याला बुडवायला बारा गल्ल्या विकत घेत सुटलाय, पोटाच्या तक्रारीवर औषधं घेतोय, आणि पोरगा हातचा चाललाय. त्यानं खाली यावं हे बरोबरच. त्याच्याकडं लिफ्ट आहे. रीबाकडं जिनाही नाही. दर महिन्याच्या एक तारखेला आमच्या काउंटरसमोर पेन्शनवाल्या आजोबांची रांग लागते. तेव्हा मला मजा येते का, हा प्रश्न त्या रांगेत उभ्या असलेल्या कुणालाही पडत नाही, आणि पडू नये हेच बरं.

माझा जीव गुंतला तो पॉपिन्समध्ये. डोनाल्ड मीकनं केलेला हा घाबरट कारकून एका ऑफिसात दिवसभर यंत्रावर बेरजा करतो आणि मनात खेळणी बनवतो. आजोबा त्याला भर ऑफिसात गाठतात, गोड बोलतात, आणि तो उठून त्यांच्या घरी राहायला जातो. टाळ्या मीही वाजवल्या. दुसऱ्या दिवशी त्याच्या टेबलावर कोण बसलं, ते सिनेमात दाखवलेलं नाही. आजोबा आले तेव्हा त्याची बेरीज चालू होती.