लिंक्सचा फोटो

'आल्बा : अ वाइल्डलाइफ ॲडव्हेंचर' हा व्हिडिओ गेम लंडनच्या अस्टू गेम्सने २०२० मध्ये आणला. भूमध्य समुद्रातल्या एका काल्पनिक बेटावर आल्बा ही छोटी मुलगी सुट्टीत आजी-आजोबांकडे येते. तिथल्या राखीव जंगलात हॉटेल बांधण्याचा घाट घातलेला असतो. तो थांबवायला ती गावकऱ्यांच्या सह्या गोळा करते. तिच्या हाती शस्त्र नाही, फोन आहे. फोन प्राण्यावर रोखून फोटो टिपला की त्याची ओळख पटते आणि नोंद होते. चिमण्या, बगळे सहज सापडतात. दुर्मीळ प्राण्यासाठी मात्र झाडीझुडपांत हिंडावे लागते, कान देऊन आवाज ऐकावा लागतो. शिकारीच्या खेळांहून हा खेळ मोलाचा वाटतो तो इथेच, कारण नीट पाहणे हेच त्यातले कौशल्य आहे.

या कथेत आयबेरियन लिंक्सलाही स्थान आहे. कानांवर काळ्या केसांचे झुबके, गालांवर दाढीसारखे केस आणि आखूड शेपूट असलेली ही ठिपकेदार रानमांजर स्पेन-पोर्तुगालची खरीखुरी रहिवासी. तिचे मुख्य भक्ष्य ससा. रोगांच्या साथींनी ससे घटले, अधिवास तुटले, शिकार झाली, रस्त्यांवर वाहनांनी बळी घेतले. या शतकाच्या सुरुवातीला जेमतेम शंभराच्या आसपास लिंक्स उरले होते. मग बंदिस्त प्रजनन करून पिल्ले रानात सोडली गेली, सशांची संख्याही वाढवली गेली. २०२४ मध्ये आययूसीएन या आंतरराष्ट्रीय निसर्गसंवर्धन संघटनेने या प्राण्याला 'संकटग्रस्त' गटातून काढून 'असुरक्षित' या कमी धोक्याच्या गटात नेले.