९ नोव्हेंबर : लॅटरन बॅसिलिकेचा समर्पण सण

आजची वाचनं : यहेज्केल ४७, १ करिंथ ३, योहान २:१३-२२



रोममधल्या एका चर्चचा सण आपण पिंपरी-चाकणमध्ये का पाळायचा? युवा गटात कुणीतरी हे विचारतंच. लॅटरन हे पोप महोदयांचं स्वतःचं कॅथेड्रल आहे. सेंट पीटर्स नव्हे बरं का! बिशपांचं आसन, म्हणजे ‘कॅथेड्रा’, जिथे असतं ते कॅथेड्रल. आपल्या पुणे धर्मप्रांताचं सेंट पॅट्रिक्स, तसं रोमचं लॅटरन. ‘बॅसिलिका’ हा मान वेगळा, तो पोप देतात. वांद्र्याच्या माउंट मेरीला तो १९५४ साली मिळाला.

पण बॅसिलिका मुळात देऊळ नव्हतंच. रोमन शहरातला तो मोठा हॉल, न्यायनिवाड्याचा आणि देण्याघेण्याचा. रोमन देवळात मूर्ती आत आणि वेदी, माणसं बाहेर. ख्रिस्ती लोकांना तर सगळ्यांनी आत एकत्र जमायचं होतं. म्हणून चौथ्या शतकात, छळ थांबल्यावर, त्यांनी हॉलचा नमुना उचलला. लांबलचक जागा, दोन्हीकडे खांबांच्या रांगा, उंचावरच्या खिडक्यांतून उजेड. मला आमच्या प्लांटची शेड आठवते. हसू नका, खरंच आठवते.

त्या शेडमधलीच एक गोष्ट आज सांगायची आहे. आमच्या लाइनवरच्या एका मुलाचं कॉन्ट्रॅक्ट संपलं, पुढे वाढवलं नाही. रविवारी तो आपल्याच चर्चमध्ये मागच्या बाकावर असतो. त्याने मला विचारलं, “दादा, खोलीचं भाडं थकलंय, थोडे पैसे होतील का?” माझ्याकडे पैसे होते, पण ते वेदीच्या संगमरवरासाठी पाकिटात घालून ठेवले होते. मी म्हणालो, “पुढच्या महिन्यात बघू रे.” आणि पाकीट चर्चमध्ये दिलं.

चुकलो का? देवाच्या घरासाठी खर्च करणं वाया जातं असं मी मानत नाही. बेथानीत मरियेने महागडं सुगंधी तेल ओतलं तेव्हा गरिबांचं नाव पुढे करणारा यहूदा होता, आणि प्रभूने मरियेचीच बाजू घेतली. पण संत जॉन क्रिसोस्टम यांनी बजावलं होतं, की वेदीवर ख्रिस्ताला रेशमाने सजवायचं आणि दाराबाहेर तोच थंडीत कुडकुडत असताना त्याच्याकडे बघायचंही नाही, हे चालणार नाही. संत अँब्रोज यांनी तर कैद्यांना सोडवण्यासाठी चर्चची पवित्र पात्रं वितळवली. लोकांनी नावं ठेवली, तरीही.

आजच्या शुभवर्तमानात येशू मंदिराला टाकाऊ म्हणत नाही. ते त्याच्या पित्याचं घर आहे, म्हणूनच तो चिडतो. आणि पौल करिंथकरांना देवाचं मंदिर म्हणतो तेव्हा तो एकेकट्याशी बोलत नाही. मूळ ग्रीकमध्ये ‘तुम्ही’ अनेकवचनी आहे. म्हणजे पुढच्या आणि मागच्या बाकांचं मिळून एकच मंदिर.

खरं सांगू? मरियेसारखं प्रेम माझ्या पाकिटात फारसं नव्हतं. देणगीदारांची यादी मिस्सानंतर वाचून दाखवतात, त्यात माझं नाव यायचं होतं. आलंही. तो मागे बसून ऐकत होता.

आज सेकंड शिफ्ट आहे. सुटल्यावर त्याच्या खोलीवर जातोय. अजून तिथेच राहत असेल तर.

प्रभू येशू, आज तो मला भेटू दे. आमेन.