जैसे थे

शाळेत आम्हाला एन. सी. सी.चे एक सर होते. ते 'दाहिने मुड' म्हणाले की मी हटकून डावीकडे वळत असे. मग सर ओरडत, "जैसे थे!" की सगळी पलटण मूळ जागी. माझी चूक पुसली जाई. माणसाला पहिल्यापासून चुकायची संधी देणारी इतकी दयाळू आज्ञा दुसरी नसेल.

पुढे हेच शब्द मला कोर्टाच्या कागदावर भेटले. तिथं अर्थ जरा निराळा. कोर्ट 'जैसे थे' म्हणतं तेव्हा कुणी मूळ जागी जायचं नसतं. ज्याचं तोंड जिकडे वळलं असेल त्यानं तसंच उभं राहायचं. पुढच्या तारखेपर्यंत.

बँकेच्या काउंटरमागून मी असे उभे राहिलेले भाऊ पुष्कळ पाहिले. वडील वारलेले, ठेवपावतीवर नॉमिनी धाकटा आणि मनाई हुकूम आणलेला थोरल्यानं. धाकटा म्हणतो, "नाव माझं, पैसे माझे." मी सांगतो, "अहो, नॉमिनी म्हणजे टपाल घेणारा शेजारी. टपाल त्यानं घ्यायचं, पण पत्र वारसांचं." वर एक सल्ला फुकट : "मिटवून टाका हो! सख्खे भाऊ तुम्ही!"

मग माझ्या सख्ख्या भावाची पाळी आली.

रत्नागिरी जिल्ह्यात आमचं वडिलोपार्जित घर आहे, मागे हापूसची चौदा कलमं. दादा तिथं राहतो, मी मुंबईत, ताई पुण्यात. दादा कलमांची बाजू विकतोय, अशी कुणकुण लागली. खरं म्हणजे दादाला एक फोन करून विचारायला हवं होतं. मी वकिलांना केला.

वकिलांनी शिकवणी घेतली. १९०८ ची दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश ३९. तात्पुरती मनाई हवी तर तीन गोष्टी दाखवायच्या : सकृद्दर्शनी हक्क, सोयीचं पारडं आपल्या बाजूला आणि भरून न येणारं नुकसान. हक्काचा प्रश्न नव्हता. ताईचाही नव्हता, २००५ च्या दुरुस्तीनं वडिलोपार्जित मिळकतीत मुलगीही मुलाइतकीच वाटेकरी झाली, महाराष्ट्रात तर १९९४ पासूनच. मी अडलो तिसऱ्या अटीवर. कॉमर्सच्या पदवीधराला भरून न येणारं नुकसान माहीत नसतं. त्याच्या खतावणीत प्रत्येक नुकसानीला रकाना असतो. "पैशानं भरपाई होणार नाही असं लिहा," वकील म्हणाले. मी प्रतिज्ञापत्रावर तसं लिहून सही केली.

मी वादी. दादा प्रतिवादी क्रमांक १. ताईशी भांडण नव्हतं, पण वाटणीच्या दाव्यात सगळे वाटेकरी घ्यावेच लागतात, म्हणून ती क्रमांक २. तिनं फोनवर विचारलं, "प्रतिवादीनं वादीला राखी पाठवली तर चालते का रे?"

मनाई मिळाली. विक्री करायची नाही, बांधकामात फेरफार करायचा नाही. मी पेढे आणले. सौ.नं ते मुलांना दिले, स्वतः घेतला नाही.

त्या पावसाळ्यात दादाचं रजिस्टर्ड पत्र आलं : "माजघराची कौलं फुटली आहेत. फेरफारास मनाई असल्यामुळे खाली बादली ठेवली आहे. बादली वडिलोपार्जित आहे. हरकत असल्यास कळवणे."

मे महिन्यात आंब्याची पेटी आली, दरवर्षीसारखी. एरवी चिठ्ठीत लिहिलेलं असायचं, "घाई करू नको, पेंढ्यात राहू दे." यंदा लिहिलं होतं, "तुझ्या एकतृतीयांश हिश्श्यातले. पोच द्यावी."

आता मनाई ही वाईट गोष्ट, असं मी म्हणणार नाही. ती नसती तर कित्येक बहिणींना आणि विधवा वहिन्यांना निकाल मिळाला असता आणि जमीन आधीच गेली असती. कोर्ट वस्तू थांबवतं, ते त्याचं काम.

पण एका तारखेला दादा कोर्टाच्या व्हरांड्यात बाकावर बसला होता. मला पाहून म्हणाला, "गुडघा कसा आहे रे तुझा?" आणि उत्तर देण्याआधी मी आमचे वकील कुठे दिसतात का ते पाहिलं!

ती तिसरी अट मला त्या क्षणी कळली. मी ज्याची शपथ घेतली होती त्या नुकसानीचा आकडा मूल्यांकनासकट फायलीत होता. आकडा नसलेलं नुकसान समोर बाकावर बसलं होतं, आणि त्यासाठी मनाई मागायला आदेश ३९ मध्ये सोय नव्हती.

"दुखतो," मी म्हणालो.

"माझाही," दादा म्हणाला. वडिलांचा गुडघा. एवढी एकच मिळकत आम्हाला विनातक्रार समसमान मिळाली.

त्या दिवशी आम्ही कौलं बदलण्यापुरती दोघांच्या सहीची पुरसीस दिली. ताईनंही सही केली आणि बादलीवरचा हक्क सोडला. दावा चालू आहे, मनाईही आहे. चौदाला तीननं भागायचं कसं, हे माझं कॉमर्स अजून सांगू शकलेलं नाही. पण परवाच्या पेटीतल्या चिठ्ठीत 'पोच द्यावी' नव्हतं. "घाई करू नको, पेंढ्यात राहू दे," एवढंच होतं.

सरांच्या भाषेत, जैसे थे.