गावाची आठवण कोणाच्या नजरेने?

समजा, एक यंत्र निघालं. गावातल्या सगळ्यांच्या आठवणी ते साठवून घेतं आणि कळ दाबली की जशाच्या तशा पुन्हा डोळ्यांसमोर उभ्या करतं. विज्ञानकथेला हे स्वप्न नवं नाही. जयंत नारळीकरांचे गंगाधरपंत तर पानिपतचा निकाल वेगळा लागलेल्या जगात जाऊन येतात आणि पुरावा म्हणून बखरीचं फाटकं पान घेऊन येतात. असं यंत्र ओझरला बसवलं तर ते काय दाखवील, हा प्रश्न माझा पाठलाग सोडत नाही. ओझर म्हणजे अष्टविनायकातलं नव्हे. नाशिकजवळचं, बाणगंगेकाठचं, ज्याला लोक आजही ‘ओझर मिग’ म्हणतात.

या गावाच्या डोक्यावरून साठ वर्षं विमानं उडत आली आहेत. इथल्या विमान कारखान्यात बांधलेल्या मिग-21 ला हवाई दलाने 26 सप्टेंबर 2025 रोजी चंडीगडला निरोप दिला आणि तीनच आठवड्यांनी, 17 ऑक्टोबरला, ओझरलाच बांधलेल्या तेजस मार्क-1ए ने इथून पहिली भरारी घेतली. तो आवाज कारखान्यात उमेदीची वर्षं घालवलेल्या माणसाच्या छातीत एक आठवण जागी करतो, द्राक्षाच्या बागेत उभ्या असलेल्या शेतकऱ्याच्या मनात दुसरी. यंत्राने यातली कोणती धरायची?

विमानाला स्वतःची स्मृती असते. ऑस्ट्रेलियाच्या डेव्हिड वॉरन यांनी 1950 च्या दशकात ब्लॅक बॉक्सची कल्पना मांडली. नाव काळं असलं तरी पेटी भगव्या-नारिंगी रंगाची, ढिगाऱ्यात चटकन सापडावी म्हणून. वैमानिकांचं बोलणं टिपणारी पेटी ठरावीक वेळ भरला की जुनं पुसून त्यावर नवं लिहिते, आणि एरवी ते कोणी ऐकत बसत नाही. ऐकण्याची वेळ येते ती अपघातानंतर. जिला कोणी विचारत नाही ती नोंद बिनचूक असली, तरी तिला आठवण म्हणायला माझं मन धजत नाही. आठवणीला माणसं लागतात, हे फ्रेंच समाजशास्त्रज्ञ मॉरिस हाल्बवाक्स यांनी 1925 मध्ये मांडलं होतं: माणूस एकटा आठवत नाही, तो घराच्या, धर्माच्या, वर्गाच्या चौकटीत आठवतो.

ओझरकरांनी अशी एक चौकट स्वतः उभारली आहे. वाघाड धरणाचं पाणी कालव्याच्या टेलला, म्हणजे शेवटच्या टोकाला, पोचत नव्हतं. कालव्याच्या तोंडाशी असलेल्या हेडवाल्याला ‘पाणी तर येतंय’ एवढंच ठाऊक, टेलवाल्याला मात्र कोरड्या गेलेल्या पाळ्या पाठ. समाज परिवर्तन केंद्राच्या बापूसाहेब उपाध्ये आणि भरत कावळे यांच्या पुढाकाराने नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला महात्मा फुले, जय योगेश्वर आणि बाणगंगा या पाणीवापर संस्था उभ्या राहिल्या. पाणी मोजून घ्यायचं, पाळी लिहून ठेवायची, पट्टी आपणच गोळा करायची. कोणाचं रान किती आणि कोणाचं भरणं कधी, हे सगळ्यांसमोर बोललं गेलं की खोट्या आठवणीला तिथल्या तिथे हरकत घेता येते. नुसतं पुन्हा दाखवणाऱ्या यंत्रात अशी हरकत घ्यायची सोयच नसते. पुढे 2005 मध्ये राज्याने शेतकऱ्यांच्या सिंचन व्यवस्थापनाचा कायदा केला, त्यामागे अशा गावांचा अनुभव होता.

पण आपल्याकडे सामूहिक स्मृतीचं सगळ्यात जवळचं यंत्र म्हणायचं तर ते ओझरपासून हाकेच्या अंतरावर आहे: नाशिक-त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या नामावळ्या. लांबट, कापडी बांधणीच्या वह्या, जुनी पानं मोडीतली. उपाध्याय आधी गाव विचारतात, मग आडनाव. वही उलगडते, बोट ओळींवरून सरकत जातं आणि एका ठिकाणी थांबतं. तिथे पणजोबांचं नाव असतं, कोणाबरोबर आले ते असतं, कधीकधी खाली त्यांची वेडीवाकडी सहीही असते. मग वही आपल्यापुढे सरकवतात: आता तुमच्या घरचं सांगा. मागचं वाचणाऱ्याने पुढचं लिहून जायचं, ही या वहीची खरी करामत. अमेरिकेतल्या युटा राज्यातल्या वंशावळी जमवणाऱ्या संस्थेने हरिद्वारसारख्या तीर्थांच्या अशा वह्या मायक्रोफिल्मवर उतरवून घेतल्या. काम मोलाचंच. मात्र फिल्म तुमच्या हाती लेखणी देत नाही.

या वहीचं मला अप्रूप आहे, म्हणूनच तिच्यातलं रिकामेपण सलतं. पहिली रिकामी जागा मंदिराच्या दाराबाहेरची. 2 मार्च 1930 रोजी याच नाशकात काळाराम मंदिराच्या दारात दलितांच्या मंदिरप्रवेशासाठी सत्याग्रह सुरू झाला. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखालच्या त्या लढ्यात दादासाहेब गायकवाडांनी आणि हजारो माणसांनी वर्षानुवर्षं मार खाल्ला, तुरुंग भोगला, तरी दार उघडलं नाही. 13 ऑक्टोबर 1935 ला याच जिल्ह्यात, येवल्यात, बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली. नाशिकची आठवण पुन्हा दाखवायची तर दाराच्या आतून की बाहेरून? दोन्हीकडून दाखवलं नाही तर ते यंत्र निव्वळ खोटं बोलेल.

दुसरी रिकामी जागा घराघरातली. नामावळीतली वंशरेषा बापाकडून मुलाकडे उतरते. लेक सासरी गेली की माहेरच्या पानावर तिची पुढची रेषा थांबते. बायकांनी आपली आठवण जात्यापाशी ठेवली. गी पॉइटविन आणि हेमा राईरकर या अभ्यासकांनी सहकाऱ्यांसह गावोगावच्या बायकांकडून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या. त्यांत सीतेचा वनवास आहे, भाऊ-बहिणीची माया आहे, सासुरवास आहे, बाबासाहेबही आहेत. कोणत्याही वहीत नाव नसलेल्या बाईने दळता दळता सांगितलेला हा महाराष्ट्राचा इतिहास आहे, आणि माझ्या लेखी तो कोणत्याही बखरीइतकाच वजनदार आहे. गिरणी आली आणि जातं अडगळीत गेलं. त्या वेळी कोणी घरोघर जाऊन ‘बाई, एक ओवी सांग’ म्हटलं नसतं, तर त्यातलं बहुतेक गेलंच असतं.

2027 ला नाशिकमध्ये सिंहस्थ आहे. वाहतूक, घाट, गर्दी यांची चर्चा होतच राहील. तुम्ही त्या निमित्ताने गेलात तर आपल्या घराचं पान मागा, निवांत वाचा, आणि सही करण्याआधी आईचं, बहिणींचं, लेकींचं नाव त्यांच्या सासर-माहेरच्या गावांसकट लिहायला लावा. उपाध्याय म्हणाले की तशी पद्धत नाही, तर आग्रह धरा.