रिकामं दिसणारं घरटं

मैंदर्गीत ऊन चढायच्या आत अंगणात, ओट्यावर, जमेल तिथे बसा. मोबाइल घरातच राहू द्या. पाठ भिंतीला टेका. डोळे मिटू नका. आजचं मनन उघड्या डोळ्यांनी करायचं आहे.

समोर चिमणी येईल. ‘चिमणी आहे’ एवढ्यावर थांबू नका. गळ्याखाली काळा डाग दिसतो का? मग तो नर. मातकट, साधी दिसते ती मादी. चोचीत काय आहे? काडी असेल तर घरटं बांधणं चाललंय. अळी असेल तर बहुधा आत पिल्लं आहेत. मोठ्या चिमण्यांचं दाण्यांवर भागतं, पिल्लांना मात्र किडे-अळ्या लागतात. ती कुठे जाते ते बसल्या जागेवरून पाहा. मागे जाऊ नका.

थोडा वेळ असाच जाऊ द्या.

आता पक्षितज्ज्ञ सालिम अलींना आठवा. विद्यापीठाची पदवी नाही म्हणून त्यांना हवी ती नोकरी मिळाली नव्हती. १९३० साली अलिबागजवळ किहीमला राहत असताना त्यांनी सुगरणींच्या घरट्यांसमोर ठाण मांडलं. रोज पाहता पाहता उलगडत गेलं: नर घरटं अर्धं विणतो आणि थांबतो. माद्या येतात, आत शिरून पारखतात. एखादीला पसंत पडलं की तो ते पुरं करतो आणि पुढे दुसरं विणायला घेतो. पावसाळ्यात विहिरीवरच्या बाभळीला लोंबणारं अर्धवट घरटं पाहिलं, की हे आठवा. कुणाच्या तरी पसंतीसाठी ते थांबलेलं असेल.

एवढंच मनात घोळवा: रिकामं दिसतं ते रिकामं असेलच असं नाही.

त्याच नजरेने आपल्या भिंतीकडे वळा. माळवदाच्या जुन्या घरात तुळईशेजारी, दगडांच्या सांदीत चिमणीची सोय आपसूक व्हायची. स्लॅबच्या घरात सांद उरत नाही. उरलं तर एखादं भोक. नाशिकच्या मोहम्मद दिलावर यांच्या पुढाकाराने २०१० पासून २० मार्चला जागतिक चिमणी दिन पाळला जातो. पण तुमच्या भिंतीतली चिमणी अंड्यांवर कधी बसली, हे फक्त तुम्हालाच दिसणार. अंडी घातल्यापासून पिल्लं उडेपर्यंत साधारण महिना लागतो.

मग स्वतःला विचारा: माझं कोणतं काम महिनाभर थांबेल? गिलावा थांबेल? रंग थांबेल? लिंबाची फांदी तोडणं थांबेल?

उत्तराची घाई नको. गावातल्या पाखरांची राखण बहुतेक वेळा एवढीच असते: हात कधी आवरायचा हे ठाऊक असणं. त्याला पदवी लागत नाही. रोज त्याच जागी बसणाऱ्याला ते कळत जातं.

उठलात की वहीत आजची तारीख घाला आणि चोचीत काय दिसलं ते लिहा. गवंडी येईल तेव्हा हीच वही पाहून त्याला पुढची तारीख द्या.